पर्नवरची मेनोली
(मोठ्या गटातल्या एका मुलीच्या आईकडून)



मागच्या सत्रात बाईंनी मोठ्या गटाला एक गृहपाठ दिला होता. इंग्रजीत वाचलेलं एखादं पुस्तक घरच्यांना मराठीत सांगायचं. नुसतं नाव आणि लेखक नाही, सगळी गोष्ट! आमच्या घरी हे काम तीन रविवार चाललं. लेकीने ड्रॅगनचं पुस्तक निवडलंय म्हटल्यावर मी मनात म्हटलं, झालं, आता आग ओकणारे राक्षस आणि तलवारी. पण ती गोष्ट निघाली गाणाऱ्या एका मुलीची. मग मी लायब्ररीतून ती पुस्तकं आणून स्वतःच वाचून काढली, आणि यंदाच्या अंकात पालकांनीही लिहावं असा आग्रह झाला तेव्हा विषय शोधावा लागला नाही.

ही पुस्तकं लिहिणारी बाई म्हणजे अ‍ॅन मॅककॅफ्री. जन्म १९२६ चा, अमेरिकेतला. १९७० मध्ये ती मुलांना घेऊन आयर्लंडला राहायला आली आणि २०११ मध्ये तिथेच वारली. म्हणजे आपल्यासारखीच, एका देशात जन्मून दुसऱ्या देशात घर केलेली. तिने स्वतः गाण्याचं शिक्षण घेतलं होतं, आणि ते पुस्तकांत जागोजाग दिसतं. गाण्यातलं काही न कळता गवयांवर लिहिणारे लेखक लगेच ओळखू येतात. त्यांच्या गोष्टींतले गवई नुसते डोळे मिटून गातात आणि लोक रडतात. मॅककॅफ्रीबाईंच्या गोष्टीत वाद्याची तार तुटते, बोटं सोलवटतात, रियाज कंटाळवाणा होतो.

पर्न नावाचा एक ग्रह आहे. (म्हणजे नाही, पण पुस्तकात आहे.) त्याच्या आकाशात एक लाल तारा फिरत असतो. तो जवळ आला की वरून रुपेरी धाग्यांसारखं काहीतरी पडतं आणि जे जे जिवंत, ते ते खाऊन टाकतं. पीक, झाड, गुरं, माणूस, काहीही. त्याला ते लोक ‘थ्रेड’ म्हणतात. म्हणून माणसं दगडाच्या आत कोरलेल्या वस्त्यांमध्ये राहतात. त्या वस्तीला ‘होल्ड’ म्हणायचं. ड्रॅगन मात्र इथे शत्रू नाहीत, ते माणसांचे सोबती आहेत. एक विशिष्ट दगड चावून ते आग काढतात आणि थ्रेड हवेतल्या हवेत जाळून टाकतात. साधारण पन्नास वर्षं हा मारा चालतो, मग दोनशे वर्षं शांतता.

आता यातली गंमत बघा. दोनशे वर्षांत किती पिढ्या होतात? ज्याने थ्रेड डोळ्यांनी पाहिलं असा एकही माणूस उरत नाही. आणि कधीकधी तर तारा दूरून जातो आणि चारशे वर्षं काहीच पडत नाही. मग लोक म्हणू लागतात, कसलं थ्रेड न् कसलं काय, म्हाताऱ्यांच्या गोष्टी! अशा वेळी आठवण ठेवायची कोणी? ते काम गाण्यांकडे दिलेलं आहे. प्रत्येक होल्डमध्ये एक ‘हार्पर’ असतो. नावाला हार्प वाजवणारा, पण खरं तर तो गावचा मास्तर, बातमीदार आणि कीर्तनकार, सगळं एकाच अंगात. मुलं त्याच्याकडून शिकवणीची गाणी पाठ करतात. आकाशाकडे लक्ष कसं ठेवायचं, कोणाचं कर्तव्य काय, सगळं चालीत बांधलेलं. १९६८ मध्ये आलेल्या ‘ड्रॅगनफ्लाइट’ या पहिल्या पुस्तकात तर सगळं कोडंच अशा एका जुन्या गाण्यावर सुटतं. त्या गाण्यात नुसते प्रश्न आहेत. शेकडो वर्षं लोक ते म्हणत आले आहेत, का म्हणतात ते कोणालाच ठाऊक नाही, आणि मग एक बाई ते नीट ऐकते.

आपल्या शनिवारच्या वर्गातल्या छोट्यांना मी पेटीवर साथ करते, तेव्हा हे हटकून आठवतं. पावसाचं गाणं म्हणताना त्यांना ‘पागोळ्या’ हा शब्द कळत नसतो. इथल्या घरांना पागोळ्या नाहीतच, पन्हाळी आहेत. पण चालीत बसलेला असतो म्हणून तो शब्द त्यांच्या तोंडात राहतो.

तर मेनोली. हाफ-सर्कल हा समुद्रकाठचा होल्ड आहे, कोळ्यांचा. तिचे वडील यानस हे तिथले प्रमुख, आई मावी. मेनोली धाकटी, वय पंधराच्या आसपास. पेटिरॉन नावाचा म्हातारा हार्पर तिला लहानपणापासून शिकवत आलेला असतो. सगळी वाद्यं, सगळी गाणी, आणि स्वतःच्या चाली बांधणंसुद्धा. तो थकतो तेव्हा तीच त्याची सेवा करते. गोष्ट सुरू होते ती तो वारल्यावर. नवा हार्पर येईपर्यंत मुलांना शिकवणार कोण? दुसरं कोणीच नाही म्हणून वडील मेनोलीला परवानगी देतात, पण एका अटीवर. ठरलेली गाणी शिकवायची, स्वतःचं काही वाजवायचं नाही. मुलीने हार्परचं काम करणं हीच त्यांना होल्डची नाचक्की वाटते. एक दिवस ती विसरून स्वतःची चाल छेडते, नेमके वडील ऐकतात, आणि पट्ट्याने मारतात.

तिला माहीत नसतं ते असं. पेटिरॉनने जाण्यापूर्वी तिची दोन गाणी हार्परांच्या मुख्य शाळेत पाठवलेली असतात. तिथला प्रमुख रॉबिंटन ती पाहून थक्क होतो आणि हे बांधणारा कोण, ते शोधून काढायला नव्या हार्परला सांगतो. तो येऊन विचारतो, मधल्या काळात मुलांना कोणी शिकवलं? यानस सांगतात, शिकायला ठेवलेला एक मुलगा होता, तो आपल्या घरी गेला. आणि मेनोलीला त्या हार्परच्या वाऱ्यालाही उभं करत नाहीत.

मग मासे साफ करताना तिचा डावा हात कापला जातो. पॅकटेल नावाच्या त्या माशाचा चिकट स्राव विषारी असतो. जखम चिघळते, भरते, पण हात आखडून जातो. आई सांगते, आता तुला वाजवता येणार नाही.

इथे माझ्या लेकीने पुस्तक मिटून मला विचारलं, "आई, मावीला माहीत होतं का?"

म्हणजे काय, तर पुढच्या पुस्तकात हार्परांचा वैद्य तोच हात पाहतो आणि म्हणतो, मलम लाव, व्यायाम कर, बराच सुधारेल. तसा तो सुधारतोही. मग होल्डमधल्या सगळ्यांची दुखणीखुपणी बघणाऱ्या आईला हे ठाऊक नव्हतं? की ठाऊक असून तिने सांगितलं नाही, कारण हात असाच राहिला तर घरातला तंटा आपोआप मिटत होता? मी दोनदा वाचलं. मला यानसचा तितका राग येत नाही. तो अडाणी हट्टाचा माणूस आहे, पण वादळात होड्या सुखरूप परत आणणारा आणि सगळ्यांच्या पानात अन्न पडेल हे बघणारा आहे. त्याच्या जगात गाणं म्हणजे जाळी विणण्याच्या वेळेची नासाडी. मारणारा बाप निदान समोर दिसतो. प्रेमाने पट्टी बांधता बांधता "आता जमणार नाही गं" म्हणणारी आई दिसत नाही. मी लेकीला सांगितलं, मला नाही ठाऊक. ती म्हणाली, मला वाटतं तिला अर्धं माहीत होतं.

माझी थोरली आत्या वेंगुर्ल्याकडची. घरात चुलतभावांना पेटी शिकवायला मास्तर यायचे, ओटीवर. मुली माजघरात. मुलगे सहा महिन्यांत कंटाळले, आणि आत्याला मात्र माजघरात बसून सगळं पाठ झालं. एकदा मास्तर येण्याआधी ती पेटीवर बसून गायली. मास्तर उंबऱ्यातच थांबले आणि आजोबांना म्हणाले, हिला शिकवू द्या, पैसे नकोत. आजोबांनी आत्याला मारलं नाही, ओरडलेसुद्धा नाहीत. दुसऱ्या दिवशी पेटी विकली. घरंदाज मुली गात नसतात, एवढंच म्हणाले. त्यानंतर आत्या जात्यावर ओव्या म्हणायची आणि आम्हा भाचरांना झोपवताना अंगाई. देवळातल्या भजनाला जायची तेव्हा टाळ धरायची, तोंड उघडायची नाही. आम्हाला वाटायचं, हिला गाता येत नाही. तिचा आवाज कुठेही ध्वनिमुद्रित केलेला नाही.

तो काळच तसा होता, असं म्हणतात. गाणं हे कलावंतांच्या घरातल्या बायकांनी करायचं, बाकीच्यांनी ऐकायचं आणि वर नाकं मुरडायची. त्याच काळात गोव्यातल्या केरी गावच्या केसरबाई केरकर अल्लादियाखाँसाहेबांकडे वर्षानुवर्षं मेहनत करून केवढ्या मोठ्या झाल्या! आणि मुलांनो, हे तुम्हाला शाळेत सांगायला आवडेल. १९७७ मध्ये अमेरिकेने दोन व्हॉयेजर यानं सोडली, त्यांच्यावर सोन्याचा मुलामा दिलेली एक तबकडी आहे. दुसऱ्या जगात कोणी भेटलंच तर त्यांनी ऐकावं म्हणून पृथ्वीवरचं निवडक संगीत त्यात भरलं आहे. त्यात आपल्या देशाचा आवाज एकच, केसरबाईंचा. ‘जात कहाँ हो’ ही भैरवी. यानं निघाली आणि त्याच सप्टेंबरात बाई वारल्या. मेनोलीचं दुसरं पुस्तक ‘ड्रॅगनसिंगर’ आलं तेही १९७७ मध्येच. हा निव्वळ योगायोग आहे, पण मला तो फार आवडतो. ज्यांचं गाणं घरंदाज नाही म्हणून लोक मुलींच्या पेट्या विकत होते, त्यांचंच गाणं आता सूर्याच्या पलीकडे किती दूर गेलं आहे.

आता परत मेनोलीकडे. ती घरातून पळून जाते. समुद्रकाठच्या गुहेत राहते, शिंपल्या-खेकड्यांवर पोट भरते. तिथे तिला ‘फायर लिझर्ड’ भेटतात. खांद्यावर बसतील एवढाले छोटे ड्रॅगनच ते. थ्रेड पडत असताना ती नेमकी त्यांच्या गुहेत अडकते, त्याच वेळी अंडी फुटतात, आणि भुकेली पिल्लं बाहेर उडून मरू नयेत म्हणून ती त्यांना भरवत सुटते. भरवेल त्याचे ते कायमचे! अशी एक दोन नव्हे, नऊ तिच्या गळ्यात पडतात. राणीचं नाव ब्यूटी. एका निळ्याचं नाव अंकल, आणि दोन हिरव्या आहेत त्यांची नावं ऑंटी वन आणि ऑंटी टू. (आपल्या स्नेहसंमेलनातही अशाच ऑंटी वन, ऑंटी टू असतात, मी त्यातली कितवी ते विचारू नका.) हात चालत नाही म्हणून तंतुवाद्य नाही, तर ती वेत कापून पाव्यासारखं वाद्य करते आणि त्या नऊ जणांना आपल्याबरोबर सूर लावायला शिकवते.

हा भाग मुलांना सर्वांत आवडेल. मला आवडलं ते हे की कोणी ऐकणारं नसताना, आणि आपला हात कायमचा गेला असं समजत असतानाही ती चाली बांधत राहते. ते तिला थांबवता येत नाही. खोकला जसा थांबवता येत नाही ना, तसं.

पुढे ती ड्रॅगनस्वारांच्या वस्तीत कशी पोचते, आणि रॉबिंटन तिला ओळखतो तो प्रसंग, हे मी सांगणार नाही. वाचा. एवढंच सांगते की सगळा ग्रह आपल्याला शोधतो आहे याचा तिला पत्ता नसतो. तिला वाटतं, आता हे लोक मला परत घरी पाठवणार.

‘ड्रॅगनसिंगर’मध्ये ती हार्परांच्या शाळेत येते. अख्ख्या पुस्तकात जेमतेम एक आठवडा आहे, पण तो असा रंगवलाय की नव्या शाळेतला पहिला आठवडा ज्याने काढलाय त्याला प्रत्येक पान ओळखीचं वाटेल. शागीर्द बहुतेक मुलगे. पैसे भरून शिकणाऱ्या मुली वेगळ्या घरात राहतात आणि हिच्याकडे कोळ्याची पोर म्हणून बघतात. मोर्शल नावाचे गुरुजी हिला काही येत नाही हे गृहीत धरूनच प्रश्न विचारतात, आणि ही सगळी उत्तरं बरोबर देते याचाच त्यांना राग येतो. डोमिक मोठा रचनाकार, पण त्याच्या रचना अवघड, चार जाणकारांनी मान डोलावण्याच्या. मेनोलीची गाणी साधी, एकदा ऐकली की भाजी चिरताना तोंडात येणारी. रॉबिंटनला हवी आहेत ती नेमकी तशीच. त्याचा विचार असा, की जग बदलतंय, जुनी शिकवणीची गाणी पुरणार नाहीत, लोकांच्या मनात नवं काही उतरवायचं तर ते तोंडोतोंडी जाणाऱ्या गाण्यातूनच उतरेल. द्रष्टा तो आहेच. पण त्याला जे दिसतं ते गाण्यात आणणारी ती आहे.

या रॉबिंटनचीही एक कहाणी आहे, ती १९९८ मध्ये आलेल्या ‘द मास्टरहार्पर ऑफ पर्न’ या पुस्तकात सांगितली आहे. पालकहो, ही खास आपल्यासाठी. रॉबिंटन हा पेटिरॉनचाच मुलगा! मेनोलीला मायेने शिकवणारा तो म्हातारा हार्पर तरुणपणी मोठा नामांकित संगीतकार होता, आणि पोटच्या मुलाचं त्याला कधी कौतुक करता आलं नाही. मुलगा अगदी लहानपणापासून चाली बांधायचा. ते बापाला सोसणार नाही हे ओळखून आई आणि शाळेतले इतर गुरुजी त्याला बापाच्या नकळत शिकवत राहिले. म्हणजे शाळाभर सगळ्यांना माहीत, एका बापालाच नाही. त्याच माणसाने आयुष्याच्या शेवटी, एका आडबाजूच्या कोळीवस्तीत, कोणा परक्याच्या मुलीला जवळचं सगळं देऊन टाकलं, आणि तिची गाणी पाठवली ती कोणाकडे, तर आपल्या मुलाकडे. पुस्तक म्हणत नाही, पण मला ती दोन गाणी म्हणजे बापाने मुलाला उशिरा लिहिलेलं पत्र वाटतं.

मी हे आमच्या घरी जेवताना सांगितलं, तेव्हा लेकीचे बाबा बराच वेळ गप्प होते. कारण असं की (लेकीची परवानगी घेऊन लिहिते आहे) तिला ए लेव्हलला संगीत घ्यायचं आहे. शाळेच्या वेळापत्रकात संगीत आणि फिजिक्स एकाच वेळी येतात, दोन्ही घेता येत नाहीत. बाबांचं म्हणणं, गाणं घरीही शिकता येतं, फिजिक्स घरी शिकता येत नाही. हे म्हणणं चुकीचं नाही. आम्ही दोघं इथे आलो तेव्हा ज्याच्या हातात पदवी होती त्याला काम मिळालं, आणि ज्याच्या गळ्यात सूर होता तो रात्रपाळीला पेट्रोलपंपावर उभा राहिला. असा एक माणूस आम्ही दोघांनीही जवळून पाहिला आहे. यानसच्या होड्यांसारखंच हे. पोरांच्या पानात अन्न पडलं पाहिजे.

पण लेक म्हणाली, "बाबा, तुम्ही नाही म्हणा किंवा हो म्हणा, पण जमणार नाही असं नका म्हणू." मराठीत म्हणाली, आणि वाक्य पूर्ण बरोबर होतं. बाबा म्हणाले, बघू. फॉर्म मार्चअखेर द्यायचा आहे. सध्या तो फ्रिजवर चुंबकाखाली आहे.

मुलग्यांसाठी एक सांगायचं राहिलं. तिसरं पुस्तक ‘ड्रॅगनड्रम्स’, १९७९ चं, ते पिमुर नावाच्या वात्रट मुलाचं आहे. त्याचा आवाज शाळेत सर्वांत गोड, मोठ्या कार्यक्रमात मुख्य गाणं त्याचंच, आणि ऐन वेळी त्याचा आवाज फुटतो. मग त्याला पाठवतात नगारखान्यात, कारण पर्नवर लांबलांबच्या होल्डना निरोप नगाऱ्यांवर जातात. पुढे तो काय काय उद्योग करतो ते वाचताना हसून पोट दुखेल. ज्यांचे आवाज सध्या फुटत आहेत आणि जे प्रार्थनेच्या वेळी मागच्या रांगेत जाऊन नुसते ओठ हलवतात, त्यांनी हे आधी वाचलं तरी चालेल. एरवी क्रम ‘ड्रॅगनसाँग’ (१९७६), मग ‘ड्रॅगनसिंगर’, मग हे. रॉबिंटनचं पुस्तक शेवटी. त्यातली काही गाणी टानिया ऑपलंड आणि माइक फ्रीमन या दोन कलाकारांनी खरोखरच चाली लावून १९९८ मध्ये सीडीवर आणली आहेत. आमच्याकडे ती आहे. माझं मत, मेनोलीच्या चाली माझ्या कानात याहून वेगळ्या वाजतात, पण लेकीला फार आवडतात.

‘ड्रॅगनसाँग’ची एक जुनी प्रत मी वर्गाच्या कपाटात ठेवली आहे, वर्तमानपत्राचं कव्हर घातलेली, श्यामची आईच्या शेजारी. नाव लिहून न्यायची. परत आणताना गोष्ट बाईंना नाही तर मला सांगायची, मराठीत. थ्रेडला मराठीत काय म्हणावं यावर आमच्या घरी अजून एकमत झालेलं नाही. लेक ‘सूत’ म्हणते, मी ‘तंतू’ म्हणते. कोणाला आणखी चांगला शब्द सुचला तर कव्हरच्या आतल्या बाजूला पेन्सिलीने लिहून ठेवा.